फॅलेनॉप्सिस आणि डेंड्रोबियम: घरातील ऑर्किडची निगा आणि कुंडी बदलण्याची रीत

महाराष्ट्रातील शहरी घरांत येणारी ऑर्किडे प्रामुख्याने दोन प्रकारची असतात. एक म्हणजे वाढदिवसाला किंवा वास्तुशांतीला भेट म्हणून येणारे, फुललेले आणि पारदर्शक प्लास्टिकच्या कुंडीतले फॅलेनॉप्सिस. दुसरे म्हणजे नर्सरीतून आणलेले, उसाच्या बारीक कांड्यांसारख्या खोडांचे डेंड्रोबियम, ज्याची जांभळी-पांढरी फुले हारांत आणि पुष्पगुच्छांत सर्रास दिसतात. फुले गळून गेल्यावर यांपैकी बरीचशी झाडे वर्षभरात मरतात, आणि ती पाण्याअभावी मेली असा घरच्यांचा समज होतो. प्रत्यक्षात बहुतेक वेळा उलटेच घडलेले असते. ओल्या, कुजक्या माध्यमात (कुंडीत मातीऐवजी भरलेल्या साल, कोळसा इत्यादी सामग्रीत) मुळांना हवा मिळत नाही, मुळे कुजतात, मुळे गेल्यामुळे पाने सुरकुततात, सुरकुतलेली पाने पाहून आणखी पाणी घातले जाते आणि उरलेली मुळेही जातात. त्यामुळे नवशिक्याने ऑर्किडचे पान किंवा फूल पाहण्याआधी मूळ पाहायला शिकावे, असे मला आग्रहाने सांगावेसे वाटते. पुढील बहुतेक सूचना याच एका गोष्टीवर बेतलेल्या आहेत.

मुळांची रचना

सह्याद्रीत आंबोली, महाबळेश्वर किंवा राधानगरीच्या परिसरात मे-जूनमध्ये जुन्या झाडांच्या फांद्यांवरून गुलाबी-पांढऱ्या फुलांचे लांब घोस लोंबताना दिसतात. ही सीतेची वेणी, म्हणजे ऱ्हिन्कोस्टायलिस रेटुसा. ती फांदीवर राहते, पण फांदीतून अन्नरस शोषत नाही. बांडगुळाशी तिची गल्लत करू नये. पावसाचे पाणी, हवेतील आर्द्रता आणि सालीच्या फटींत साचलेला थोडासा पालापाचोळा एवढ्यावर तिचे चालते. फॅलेनॉप्सिस, डेंड्रोबियम आणि टोपलीत टांगून वाढवले जाणारे व्हँडा हे ऑर्किड यांची जगण्याची पद्धतही हीच असल्यामुळे त्यांची मुळे मातीसाठी घडलेलीच नाहीत. मुळाच्या आतील बारीक तारेसारख्या गाभ्याभोवती वेलामेन नावाचा मृत पेशींचा जाड, सच्छिद्र थर असतो. पाऊस पडला की हा थर काही क्षणांत पाणी धरून ठेवतो आणि नंतर वाऱ्यावर हळूहळू वाळतो. कोरडा असताना तो चंदेरी-राखाडी दिसतो, ओला झाल्यावर पारदर्शक होऊन आतला हिरवा रंग दाखवतो. भिजणे आणि वाळणे हे चक्र चालू राहिले तर मूळ निरोगी राहते. वाळणे थांबले की ते कुजते.

जंगलातील ऑर्किड काढून आणणे किंवा घाटातल्या रस्त्याकडेला कोणी विकत असल्यास ते घेणे, या दोन्ही गोष्टी कटाक्षाने टाळाव्यात. संपूर्ण ऑर्किड कुळ वन्य जीवांच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावरील ‘साइट्स’ करारात समाविष्ट आहे, आणि तसेही फांदीवरून ओरबाडलेले झाड घरात क्वचितच तगते. नर्सरीतील संकरित रोपे प्रयोगशाळेत बाटल्यांमध्ये वाढवलेली असतात, ती स्वस्त असतात आणि कुंडीतल्या जीवनाला सरावलेली असतात.

जागा आणि प्रकाश

फॅलेनॉप्सिसला कमी प्रकाश चालतो, डेंड्रोबियमला त्याहून बराच जास्त लागतो आणि व्हँडाला सर्वांत जास्त. पूर्वेकडची खिडकी किंवा बाल्कनी तिघांनाही मानवते, कारण सकाळचे कोवळे ऊन त्यांना बाधत नाही. पश्चिमेच्या बाल्कनीत मार्च ते मे या काळात ५० टक्के सावली देणारे हिरवे शेडनेट लावावेच लागते, आणि फॅलेनॉप्सिससाठी ७५ टक्क्यांचे. प्रकाश पुरेसा आहे की नाही हे पाहण्यासाठी दुपारी झाडाच्या वर साधारण वीतभर अंतरावर हात धरावा. पानांवर पडलेल्या सावलीच्या कडा अंधूक पण ओळखता येण्याजोग्या असतील तर ती जागा फॅलेनॉप्सिसला योग्य आहे. कडा धारदार असतील तर तिथे डेंड्रोबियम ठेवावे. सावली पडतच नसेल तर झाड जगेल, पण फुलणार नाही.

पानांचा रंगही हेच सांगतो. डेंड्रोबियमची पाने गर्द हिरवी, मऊ आणि देखणी दिसत असतील तर आनंद मानू नये, कारण ती प्रकाश कमी पडत असल्याची खूण आहे. किंचित पिवळसर छटेचे हिरवे पान फुलांच्या दृष्टीने अधिक चांगले. पानावर अचानक पांढरट किंवा तपकिरी कोरडा डाग पडला तर तो उन्हाचा चटका असतो. तो बरा होत नाही, पण पसरतही नाही, तेव्हा पान कापायची गरज नसते.

फॅलेनॉप्सिसच्या फुलण्याचा संबंध तापमानाशी आहे. तापमान सतत २८ अंश सेल्सियसच्या वर राहिले तर फुलदांडा येत नाही. काही आठवडे ते २५ अंशांखाली उतरले की पानांच्या बगलेतून दांडा निघतो. पुणे, नाशिक, कोल्हापूर या भागांत नोव्हेंबर ते जानेवारीच्या थंड रात्री हे काम आपोआप करतात. मुंबई, कोकण आणि गोव्यात थंडीचे दिवस थोडे असल्यामुळे त्या काळात झाड घराच्या आत कोंडून न ठेवता उघड्या, सावलीच्या बाल्कनीत रात्रभर राहू द्यावे. किनारपट्टीवर राहणाऱ्यांनी सुरुवात डेंड्रोबियमने करावी असे मी सुचवेन. दमट, उबदार हवा त्याला मनापासून आवडते. विदर्भात आणि मराठवाड्यात मे महिन्याची कोरडी झळ दोन्ही झाडांना जाचक असते. तिथे उन्हाळ्यापुरती कुंडी घरातल्या उजेडाच्या, पण कूलरच्या थेट झोतापासून दूर असलेल्या जागी हलवणे हाच उपाय आहे.

पाणी आणि खत

आठवड्यातून किती वेळा पाणी घालावे, या प्रश्नाला खरे उत्तर नाही. पारदर्शक कुंडीतली मुळे हिरवी दिसत असतील तर थांबावे. ती चंदेरी झाली आणि कुंडी हातात हलकी लागली की पाणी द्यावे. मॉसमध्ये, म्हणजे पाणी धरून ठेवणाऱ्या वाळवलेल्या शेवाळात लावलेल्या फॅलेनॉप्सिसला उन्हाळ्यात कदाचित चार-पाच दिवसांनी, तर जुलैत आठ-दहा दिवसांनी पाणी लागेल. तेच कोळशात लावलेल्या डेंड्रोबियमला एप्रिल-मे महिन्यांत रोज लागेल. दोन्ही कुंड्या शेजारी आहेत म्हणून दोन्हींना एकाच दिवशी पाणी घालण्याची सवय लावून घेऊ नये.

पाणी सकाळी घालावे, आणि घालावे तेव्हा भरपूर घालावे. कुंडी मोरीत ठेवून वरून मिनिटभर पाणी वाहू द्यावे, ते खालच्या भोकांतून पूर्ण निथळू द्यावे आणि मगच कुंडी जागेवर ठेवावी. चमचाभर पाणी रोज शिंपडल्याने वरचा थर सतत ओला आणि आतली मुळे कोरडी राहतात. कुंडीखालच्या ताटलीत पाणी साचू देऊ नये. फॅलेनॉप्सिसच्या मधल्या कोवळ्या पानाच्या बेचक्यात पाणी राहिले तर कापसाने किंवा टिश्यू पेपरने टिपून घ्यावे, कारण या झाडाला एकच शेंडा असतो आणि तो कुजला की झाडाची वाढ संपते. बर्फाचे खडे कुंडीत ठेवण्याचा सल्ला हल्ली बराच फिरतो. आपल्याकडे नळाचे पाणी असताना उष्ण प्रदेशातील झाडाच्या मुळाशी बर्फ ठेवण्याचे प्रयोजन मला आजवर कळलेले नाही.

पाण्याचा दर्जा दुर्लक्षून चालत नाही. तलावातून येणारे महापालिकेचे पाणी साधारणपणे सौम्य असते, परंतु दख्खनच्या पठारावरचे बोअरवेलचे पाणी बहुधा क्षारयुक्त असते, आणि काही महिन्यांत कोळशावर व कुंडीच्या कडेवर पांढरे पापुद्रे धरतात. हे क्षार मुळांची टोके जाळतात. अशा ठिकाणी पावसाचे पाणी झाकणाच्या पिंपात साठवावे, किंवा क्षार वेगळे करणाऱ्या आर.ओ. शुद्धीकरण यंत्राचे पिण्याचे पाणी वापरावे. त्या यंत्रातून बाहेर टाकले जाणारे पाणी मात्र मुळीच वापरू नये, कारण सगळे क्षार त्यातच एकवटलेले असतात.

खत कमी प्रमाणात आणि नियमित द्यावे. कृषी सेवा केंद्रात मिळणारे १९:१९:१९ हे विद्राव्य खत एक लिटर पाण्यात अर्धा ग्रॅम, म्हणजे साधारण चिमूटभर विरघळवून, नवीन पाने व मुळे वाढत असताना आठवड्यातून एकदा द्यावे. आधी साध्या पाण्याने मुळे ओली करावीत आणि मग खताचे पाणी घालावे. महिन्यातून एकदा खत न देता नुसत्या पाण्याने कुंडी खळखळून धुवावी. तांदळाचे धुवण, ताक, शेणाचे पाणी, चहाचा चोथा इत्यादी घरगुती खते गुलाबाला किंवा तुळशीला मानवत असतील, पण कोळशाच्या किंवा मॉसच्या कुंडीत ती आंबतात, चिलटे येतात आणि माध्यम लवकर सडते. ऑर्किडला ती देऊ नयेत.

कुंडी केव्हा बदलावी

मॉस, साल आणि नारळाची सोडणे ही माध्यमे दीड-दोन वर्षांत कुजून बारीक होतात. बारीक झालेल्या कणांमधली पोकळी बुजते, पाणी अडते आणि मुळांना हवा मिळेनाशी होते. म्हणून झाड मोठे दिसत नसले तरी कुंडी बदलावी लागते. उद्देश मोठी कुंडी देण्याचा नसून ताजे, मोकळे माध्यम देण्याचा असतो. कुंडीतून आंबूस वास येणे, बोटाने दाबल्यावर माध्यम चिखलासारखे लागणे, झाड कुंडीत डुगडुगणे ही कुंडी बदलण्याची लक्षणे आहेत. याउलट दोन-चार मुळे कुंडीबाहेर हवेत आली म्हणून घाई करायचे कारण नाही, कारण तो या झाडांचा स्वभावच आहे.

वेळ निवडताना पंचांगापेक्षा मुळांची टोके पाहावीत. टोकाला हिरवा किंवा तांबूस, चकचकीत, ओलसर दिसणारा भाग असेल तर मूळ वाढीला लागले आहे, आणि अशा वेळी हलवलेले झाड नव्या माध्यमात लवकर रुजते. फॅलेनॉप्सिसमध्ये हा काळ बहुधा फुले संपल्यानंतर, म्हणजे एप्रिल ते जूनदरम्यान येतो. डेंड्रोबियममध्ये बुंध्यातून नवा कोंब निघून दोन-तीन बोटे वाढला आणि त्याच्या तळाशी मुळांचे गाठीसारखे उंचवटे दिसू लागले की योग्य वेळ आली असे समजावे. ते उंचवटे बोटभर लांब मुळे होईपर्यंत थांबलात तर काम करताना ती मोडतात. डिसेंबरच्या थंडीत, आणि मुळे कुजत नसतील तर झाड फुललेले असताना, कुंडी बदलू नये.

भेट मिळालेल्या फॅलेनॉप्सिसबाबत मात्र मी वाट पाहण्याच्या विरुद्ध आहे. फुले संपली की टोके दिसोत वा न दिसोत, त्याची कुंडी बदलावी. प्रयोगशाळेतून बाहेर आलेले रोपटे सुरुवातीला मॉसच्या छोट्या घट्ट गोळ्यात लावलेले असते, आणि पुढे मोठ्या कुंडीत जाताना तो गोळा तसाच आत राहतो. बाहेरचे मॉस वाळलेले दिसत असताना खोडाच्या अगदी खाली हा जुना गोळा आठवडेच्या आठवडे ओला राहतो, आणि कूज तिथूनच सुरू होते.

साहित्य आणि पूर्वतयारी

लाकडी कोळसा, विटेचे तुकडे, नारळाच्या सोडणाचे तुकडे, पाइन वृक्षाची साल आणि स्फॅग्नम मॉस ही नेहमीची माध्यमे आहेत. माती यांत कुठेच नाही. अपवाद फक्त स्पॅथोग्लॉटिससारख्या जमिनीतल्या ऑर्किडचा. कोकणातल्या आणि गोव्यातल्या बागांत दिसणारी ती झाडे भुसभुशीत मातीत वाढतात. कोळसा साध्या लाकडाचाच घ्यावा. शेगडीसाठी चिकटद्रव्य घालून दाबून केलेल्या वड्या चालत नाहीत. तुकडे साधारण दोन ते तीन सेंटिमीटरचे करावेत आणि भुगा चाळून काढून टाकावा. कोळसा व विटा धुऊन रात्रभर भिजत घालाव्यात, कारण कोरडी वीट घातली तर ती मुळांजवळचे पाणी आधी स्वतः शोषते. सोडणाचे तुकडे मात्र आठवडाभर भिजवून रोज पाणी बदलावे. त्यातले क्षार आणि तांबडे कषाय द्रव्य निघून पाणी जवळजवळ स्वच्छ दिसू लागेपर्यंत ते वापरू नयेत.

मिश्रण आपल्या हवेनुसार ठरवावे. मुंबई, कोकण आणि गोव्यात डेंड्रोबियमसाठी केवळ कोळसा आणि वीट पुरे. फॅलेनॉप्सिससाठी त्यात निम्मी साल मिसळावी आणि मॉस टाळावे. पुणे-नाशिककडे साल, कोळसा आणि मूठभर मॉस असे मिश्रण चांगले चालते. कोरड्या हवेच्या जिल्ह्यांत सोडण आणि मॉस यांचे प्रमाण वाढवावे लागते. ज्यांना दर दोन दिवसांनी पाणी घालण्याची हौस आवरत नाही, त्यांनी हवा कोणतीही असली तरी मॉस घरात आणू नये.

कुंडी मुळांच्या मापाची निवडावी, पानांच्या नव्हे. फॅलेनॉप्सिसला बाजूलाही भोके असलेली पारदर्शक कुंडी उत्तम, कारण मुळांचा रंग बाहेरून दिसतो आणि त्या हिरव्या मुळांना थोडा उजेडही मिळतो. डेंड्रोबियमला जाळीदार मातीची कुंडी द्यावी. ती जड असल्यामुळे उंच खोडांनी उलटत नाही. आकार आधीइतकाच किंवा फार तर एक इंच मोठा असावा. मोठ्या कुंडीच्या मध्यभागी मुळे पोहोचत नाहीत, तिथले पाणी वाळत नाही आणि कूज सुरू होते.

फॅलेनॉप्सिसची कुंडी बदलणे

काम सुरू करण्याच्या तासभर आधी कुंडीला पाणी द्यावे. कोरडी मुळे काडीसारखी कडक असतात आणि मोडतात. भिजल्यावर ती लवचीक होतात. मग कात्री किंवा ब्लेड गॅसच्या ज्योतीवर लाल होईपर्यंत तापवून थंड करावे. ही पायरी अनावश्यक वाटते, पण ऑर्किडचे काही विषाणू एका झाडाच्या रसातून दुसऱ्या झाडात जातात आणि त्यांवर औषध नाही, म्हणून प्रत्येक झाडासाठी हत्यार नव्याने तापवावे.

प्लास्टिकची कुंडी बाहेरून दाबून सैल करावी आणि झाड पानांना धरून न ओढता, कुंडी आडवी करून अलगद बाहेर काढावे. मुळे भोकांत अडकली असतील तर मुळाऐवजी कुंडी कापावी. त्यानंतर बोटांनी आणि चिमट्याने जुने माध्यम काढत जावे. मधला मॉसचा गोळा सहसा सहज सुटत नाही. झाड अर्धा तास पाण्यात बुडवून ठेवावे आणि मग नळाच्या हलक्या धारेखाली तो थोडा थोडा उकलावा. या कामाला वेळ लागतो आणि तो द्यावा. त्या गोळ्याभोवती बहुधा प्लास्टिकची बारीक जाळीही सापडते. ती कापून काढावी.

आता प्रत्येक मूळ बोटांत धरून हलके दाबावे. टणक लागले तर ते ठेवावे, मग त्याचा रंग पांढरा, हिरवा, पिवळसर किंवा अगदी तपकिरी असो. मॉसमध्ये अंधारात वाढलेल्या चांगल्या मुळांवरही तपकिरी डाग चढलेले असतात आणि नवशिके रंग पाहून चांगली मुळे कापून टाकतात. दाबल्यावर पोकळ लागले, पाणी सुटले, किंवा वरचे साल सरकून आत नुसती तार उरली तर मूळ मेले आहे. ते टणक भागापर्यंत मागे कापावे. खोडाच्या तळाचा वाळलेला, काळा पडलेला खुंटही ताजा हिरवट भाग दिसेपर्यंत छाटावा आणि पूर्ण पिवळे झालेले खालचे पान मधोमध चिरून दोन्ही बाजूंना ओढून काढावे. खोडावरच्या कापावर दालचिनीची पूड लावता येते, कारण तिने जखम लवकर कोरडी पडते. पण हीच पूड निरोगी मुळांवर पडली तर तीही वाळतात, तेव्हा ती बोटाने मोजक्या जागी लावावी, वरून भुरभुरू नये.

कुंडीच्या तळाशी कोळशाचे मोठे तुकडे घालून झाड मध्यभागी अशा उंचीवर धरावे की सर्वांत खालच्या पानाचा तळ माध्यमाच्या पृष्ठभागाशी येईल. त्याहून खोल गेल्यास पानाच्या देठाशी ओल राहून शेंडा धोक्यात येतो. हवेत वाढलेली मुळे जबरदस्तीने आत कोंबू नयेत. मग मुळांच्या भोवताली थोडे थोडे मिश्रण घालत कुंडीच्या बाजूंवर थापट्या माराव्यात, म्हणजे तुकडे आपोआप फटींत बसतात. मॉस वापरत असाल तर ते भिजवून पिळून घ्यावे आणि सैल ठेवावे. शेवटी पानाला धरून झाड किंचित उचलून पाहावे. ते कुंडीसह उचलले गेले पाहिजे. डुगडुगणाऱ्या झाडाची नवी मुळे घासून टोकाशी मरतात, म्हणून गरज पडल्यास बांबूची काडी खोचून खोड सुतळीने सैल बांधावे.

डेंड्रोबियममध्ये काय वेगळे

डेंड्रोबियम एका दिशेने सरकत वाढते: प्रत्येक नवे खोड आधीच्या खोडाच्या पुढ्यात येते. म्हणून ते कुंडीच्या मध्यभागी न लावता जुन्या खोडांची बाजू कडेला टेकवून आणि नव्या कोंबाची बाजू मोकळ्या जागेकडे ठेवून लावावे. खोडे जिथे एकमेकांना जोडलेली असतात तो आडवा भाग माध्यमाच्या वर राहिला पाहिजे. तो पुरल्यास कोंब कुजतात. कुंडी पाहताना लहानशी वाटली तरी मोठी घेऊ नये, कारण डेंड्रोबियम आखूड जागेतच चांगले फुलते.

पाने गळलेली जुनी खोडे वाळकी समजून कापण्याचा मोह आवरावा. त्यांत पाणी आणि अन्न साठवलेले असते, आणि अनेकदा त्यांच्या शेंड्याला पुन्हा फुलांचा दांडा येतो. खोड पूर्ण पिवळे पडून चिरमटले आणि पोकळ झाले तरच ते काढावे. झाडाचे दोन भाग करायचे असल्यास प्रत्येक भागात किमान तीन-चार खोडे राहतील असे पाहावे. एकेका खोडाचे तुकडे केले तर रोपे वाढलेली दिसतात, पण दोन-दोन वर्षे फुलत नाहीत. कधीकधी खोडाच्या पेरावर पानांसह छोटे पिल्लू फुटते. त्याची मुळे दोन-तीन इंच लांब झाली की ते कापून कोळशाच्या छोट्या कुंडीत लावावे. मात्र सगळ्याच पेरांवर पिल्ले येऊ लागली आणि फुले येईनाशी झाली, तर आधी मूळ झाडाची मुळे तपासावीत.

व्हँडाचे काम सर्वांत सोपे आणि सर्वांत कष्टाचे. ते माध्यमाविना लाकडी जाळीच्या टोपलीत टांगतात, त्यामुळे कुंडी बदलण्याचा प्रश्नच येत नाही. मात्र उन्हाळ्यात दिवसातून दोनदा मुळे भिजवावी लागतात. ज्यांच्या घरी दुपारी कोणी नसते त्यांनी ते घेण्याआधी विचार करावा.

कुंडी बदलल्यानंतर

मुळे फारशी कापली नसतील तर त्याच दिवशी पाणी द्यायला हरकत नाही. बरीच मुळे कापली असतील तर जखमा वाळण्यासाठी तीन-चार दिवस माध्यम कोरडे ठेवून फक्त सकाळी पानांवर आणि वरच्या मुळांवर हलका फवारा द्यावा. पुढचे तीन आठवडे कुंडी नेहमीपेक्षा अधिक सावलीत ठेवावी, आणि मुळांना नवी हिरवी टोके दिसेपर्यंत खत देऊ नये. या काळात खालचे एखादे पान पिवळे पडले तर घाबरण्याचे कारण नाही.

तपासणीत जवळजवळ सगळीच मुळे गेलेली आढळली, तर झाडाला कुंडीत लावून उपयोग होत नाही. पिळलेल्या मॉसच्या पातळ थरावर खोडाचा तळ नुसता टेकवावा आणि झाड मोठ्या पारदर्शक पिशवीत, तोंड थोडे उघडे ठेवून, उजेडाच्या पण उन्हाविना असलेल्या जागी ठेवावे. पानांतून उडणारे पाणी त्यामुळे कमी होते आणि झाडाला नवे मूळ काढण्याइतकी उसंत मिळते. याला काही महिने लागतात, आणि प्रत्येक झाड वाचतेच असे नाही.

पावसाळ्यात कुंड्या थेट पावसात ठेवू नयेत, निदान फॅलेनॉप्सिसच्या तरी नाहीच. पानावर पाणथळ, पारदर्शक डाग दिसून तो दिवसागणिक पसरत असेल आणि त्याला दुर्गंधी येत असेल तर ती जिवाणूंची कूज असते. डागाच्या पलीकडे बोटभर निरोगी भागासह पान लगेच कापावे, झाड वेगळे ठेवावे आणि हवा खेळती करावी. पिठ्या ढेकूण पानांच्या बगलांत आणि खवले कीड पानांच्या मागे लपते. कापसाच्या बोळ्याला स्पिरिट लावून ती पुसून काढावी आणि आठवड्याच्या अंतराने तीन-चार वेळा हेच करावे, कारण अंडी पहिल्या खेपेस जात नाहीत. नव्या मुळांची टोके रात्रीतून कुरतडलेली दिसली तर टॉर्च घेऊन कुंडीखाली गोगलगाय शोधावी.

नोव्हेंबरनंतर फॅलेनॉप्सिसच्या पानाखालून काहीतरी हिरवे डोकावले की ते मूळ की फुलदांडा, हा प्रश्न प्रत्येकाला पडतो. मुळाचे टोक गोल आणि गुळगुळीत असते. दांड्याचे टोक चपटे, टोकदार असते आणि तो वरच्या दिशेने वळतो. दांडा वीतभर झाला की त्याला काडीचा आधार द्यावा आणि त्यानंतर कुंडीची दिशा बदलू नये, कारण कळ्या उजेडाकडे तोंड करतात आणि कुंडी फिरवल्यास फुले वेडीवाकडी उमलतात. पिकणाऱ्या फळांतून निघणाऱ्या इथिलीन वायूने कळ्या गळतात आणि फुले अकाली मिटतात, म्हणून एप्रिल-मेमध्ये ज्या खोलीत आंब्यांची आढी घातली असेल तिथे फुललेले झाड ठेवू नये. केळ्यांच्या घडाबाबतही हीच काळजी घ्यावी. शेवटचे फूल गळल्यावर झाड सशक्त असेल आणि दांडा हिरवा असेल तर तो खालून दुसऱ्या किंवा तिसऱ्या पेराच्या वर कापावा, म्हणजे त्या पेरातून कधीकधी नवी फांदी फुटून पुन्हा फुले येतात. पाने दोन-तीनच उरली असतील किंवा दांडा पिवळा पडला असेल तर तो बुंध्यापासून काढून टाकावा. त्याच दिवशी कुंडीवरच्या पट्टीवर पेन्सिलीने लिहिलेली मागील बदलाची तारीख पाहावी (शाईचे अक्षर पाण्याने जाते), आणि दीड वर्ष उलटले असेल तर सोडणाचे तुकडे भिजत घालावेत.